भाड्याने देणे आहे

लग्नाला साडेतीन महिने झाले होते
आणि आमचा संसार अजून
शहापुरात मावशीच्या माळ्यावर:
एक ट्रंक, तांब्याची घागर,
आहेरातले सहा पेले, पेंढ्यात गुंडाळलेले तसेच.
मी बायकांच्या रांगेत शेवटची, दाराशी.
हे छापखान्यात, कोऱ्या कागदाच्या गठ्ठ्यांवर;
सकाळी पाठीवर सुतळीचे वळ.

ह्यांचं काम खिळे जुळवण्याचं.
पुढ्यात दोन पेट्या, एक मराठी, एक कानडी,
बोटांना दोन्ही पाठ.
छोट्या जाहिराती हेच जुळवायचे,
म्हणजे कुठली खोली रिकामी झाली
ते गावाच्या आधी ह्यांना कळे,
तेही उलट्या अक्षरांत.
शाई वाळायच्या आत हे सायकलवर.
तरी खोली गेलेली असायची,
मालकाच्या साडूला, कचेरीतल्या कारकुनाला,
अशा कुणाला, ज्याला पेपर लागतच नाही.

अनगोळात विचारलं, मासळी खाता का.
टिळकवाडीत विचारलं, मूलबाळ?
नाही म्हटलं, तर म्हणाल्या, होईल की मग.
खडेबाजारात एका म्हाताऱ्यानं जिन्याखालची जागा दाखवली:
उभं राहायचं नसेल तर झकास आहे.
आम्ही वाकून आत गेलो,
वाकूनच एकमेकांकडे पाहिलं
आणि इतकं हसू फुटलं
की तीही गेली.

खरं घर तेव्हा दुसरं रेल्वे गेट.
संध्याकाळी तिथं भेटायचो.
फाटक पडलं की लोक चरफडायचे,
सायकलवाले खालून घुसायचे,
आम्ही उभे.
फाटक पडल्यावर उभं राहायला
कुणाला काय विचारायचं?
मी डबे मोजायची, एकेचाळीस, बेचाळीस.
पॅसेंजर आली की वाईट वाटायचं,
लगेच संपते.

शेवटी वडगावात मिळाली.
विणकरांची गल्ली, ईरव्वाचं घर,
मागाला लागून अर्धी खोली,
मध्ये भिंत नाही, बांबूचा तट्ट्या,
वर खानापुरी कौलं, त्यातली तीन फुटकी.
"मनी सण्णदैति," ती म्हणाली. घर लहान आहे.
मला त्यातलं 'मनी' तेवढं कळलं
आणि ते पुरेसं वाटलं.
हे कानडीत काहीतरी बोलले,
आठ आणे कमी झाले.

वही उघडून तिनं मला विचारलं,
मालकाचं नाव काय गं तुझ्या?
मी चौकटीकडे पाहिलं. चुलीकडे.
पायाच्या अंगठ्याकडे.
उखाणा जुळवू गेले तर तट्ट्याला यमक सुचेना.
हे बाहेर सायकलची चेन बसवत होते.
असू दे, म्हणाली ती,
आणि जागा कोरी सोडली.

रात्री ईरव्वा विणायला बसे.
खटाक खट, खटाक खट,
कौलांतून धूळ अंथरुणावर.
पहिल्या रात्री डोळा लागला नाही.
दुसऱ्या रात्री उमगलं:
माग चालू आहे तोवर काहीही बोलता येतं.
तो थांबला की आम्ही थांबायचो,
ती कांडी बदलेपर्यंत
अर्धं वाक्य गालात धरून,
लिमलेटच्या गोळीसारखं.
मग खटाक, की पुढचं.
सहा पेले कुठं मांडायचे
हे ठरायला तीन रात्री गेल्या.

चौथ्या रात्री मला धीर आला.
एवढ्या आवाजात काय ऐकू जातंय, म्हणून
जे कधी ओठांवर येऊ दिलं नव्हतं
ते चवीपुरतं म्हणून पाहिलं.
मग जरा मोठ्यानं:
भरमाण्णा!

आणि नेमका तिकडे धागा तुटला.

काळोखात नाव कौलांना टेकून तसंच राहिलं.
हे हलले नाहीत. मीही नाही.
तट्ट्यापलीकडे ती तुटलं टोक शोधत होती,
जरा जास्तच वेळ.
मग गाठ मारता मारता
हसू दाबून, धोट्याशी बोलावं तसं:
"भरमाण्णा होय...
सकाळी वहीत लिवते की."